रंगेहाथ सापडला, मग सुटला कसा?

साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं राहण्याआधी मला वाटलं होतं, नोटांचे नंबर विचारतील, पावडरीचं विचारतील. सरकारी वकिलांच्या खोलीत बसून पंचनामा दोनदा वाचला होता. पण आरोपीच्या वकिलांनी चष्मा कपाळावर सरकवला आणि म्हणाले, "पैसे हातात पडण्याआधी आरोपी काय बोलला? त्याचेच शब्द सांगा."

घटना सहा वर्षांपूर्वीची. मी म्हणालो, "त्यांनी पैशाची मागणी केली."

"मागणी केली, हा तुमचा निष्कर्ष झाला. शब्द काय होते?"

मला आठवत होतं ते एवढंच : "आणलंय का?"

वकील न्यायाधीशांकडं वळले. "'आणलंय का' एवढंच बोलला, अशी नोंद व्हावी." मग माझ्याकडं बघून, "काय आणलंय का, ते बोलला का तो?"

नव्हता बोलला.

मी त्या खटल्यातला पंच क्रमांक एक. तेव्हा साताऱ्यात एका सरकारी कार्यालयात वरिष्ठ लिपिक होतो. लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचं पत्र आलं, 'दोन कर्मचारी पंच म्हणून पाठवावेत', आणि साहेबांनी रीतीप्रमाणे जो नाही म्हणत नाही त्याचं नाव घातलं. आता निवृत्त झालोय. सकाळी चहाला बसलं की कोणीतरी पेपर पुढं सरकवतं, 'लाचखोर तलाठी निर्दोष', आणि म्हणतं, "हात गुलाबी झाले, नोटा खिशात सापडल्या, तरी सुटला. मॅनेज झालं असणार." होत असेल तसंही कधी. पण पुष्कळदा कारण वेगळं असतं, आणि ते त्या दोन शब्दांत आहे. आणलंय का.

भ्रष्टाचार प्रतिबंधक अधिनियम १९८८ सालचा. त्यातलं कलम ७ लाच घेणाऱ्या लोकसेवकाचं. किमान तीन, कमाल सात वर्षं कैद. २०१४ च्या दुरुस्तीआधी हेच सहा महिने ते पाच वर्षं होतं. लोकसेवक म्हणजे कोतवालापासून मंत्रालयातल्या सचिवापर्यंत सगळे. आता लोकांची समजूत अशी की नोटा सापडल्या म्हणजे लाच सिद्ध झाली. न्यायालय नोटांकडं वेगळ्या नजरेनं बघतं. नोटा सापडल्या, म्हणजे याच्याकडं नोटा सापडल्या, इतकंच. त्या लाच म्हणूनच मागितल्या होत्या का, आणि लाच आहे हे माहीत असून घेतल्या का, हे दोन्ही स्वतंत्रपणे दाखवावं लागतं. मागणी आणि स्वीकार. नुसती रक्कम हस्तगत झाली म्हणून शिक्षा देता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं १९७९ मध्ये सूरजमलच्या खटल्यात सांगितलं, आणि त्यानंतर अनेकदा सांगितलं आहे.

सापळा कसा लागतो ते आधी सांगतो, कारण कच्चे दुवे त्यातच असतात.

आमचा तक्रारदार शेतकरी होता. वडील वारले, वारसनोंद धरायची होती. तलाठी भाऊसाहेबांनी पाच हजार सांगितले. हा विभागाच्या कार्यालयात गेला. (फोनही चालतो, १०६४ वर.) तक्रार लिहून घेतली, पण लगेच सापळा नाही लावला. आधी पडताळणी. तक्रारदाराच्या खिशात बोटाएवढा व्हॉइस रेकॉर्डर ठेवून त्याला परत तलाठ्याकडं पाठवलं, सोबत मी, पाव्हणा म्हणून. तलाठी खरंच मागतोय का, किती मागतोय, कशासाठी मागतोय, हे रेकॉर्डरवर आणि पंचाच्या कानावर आलं पाहिजे. पेपरात जो ठरलेला शब्द असतो, 'तडजोडीअंती', तो इथं जन्माला येतो. तक्रारदार गयावया करतो, आकडा खाली येतो. आमचा पाचावरून तीनवर आला.

पुढं कळलं की खरा खटला तिथंच झाला होता, सापळ्याच्या दिवशी नव्हे.

सापळ्याच्या दिवशी सकाळी नोटा मोजून त्यांचे नंबर उतरवले. एका शिपायानं त्यांना पांढरी पावडर लावली. फिनॉल्फ्थलीन. ही एकेकाळी जुलाबाची गोळी म्हणून विकली जायची, हे मला नंतर एका औषधवाल्यानं सांगितलं, तेव्हा हसू आवरलं नाही. पावडर दिसत नाही, पण धुण्याच्या सोड्याच्या पाण्यात तिचा कण पडला की पाणी गुलाबी होतं. काही ठिकाणी अँथ्रासिन वापरतात, ती अल्ट्राव्हायोलेट दिव्याखाली निळसर चमकते. ज्यानं पावडर लावली तो शिपाई आमच्याबरोबर आला नाही, नाहीतर त्याच्या हातानंच सगळीकडं पावडर गेली असं म्हणायला जागा. तक्रारदाराला बजावलं : हस्तांदोलन करायचं नाही, नोटांना विनाकारण हात लावायचा नाही, आणि तो मागत नाही तोवर पैसे काढायचे नाहीत. हे शेवटचं वाक्य पंचनाम्यातही लिहिलेलं असतं. ते सगळ्यात महत्त्वाचं, आणि घाबरलेला माणूस नेमकं तेच विसरतो. दारातून आत शिरल्या शिरल्या पैसे पुढं करून मोकळा होतो.

आमचा तक्रारदार विसरला नाही. आत गेला, नमस्कार केला, बसला. भाऊसाहेब म्हणाले, "आणलंय का?" यानं नोटा दिल्या. त्यांनी न मोजता पँटच्या उजव्या खिशात घातल्या. तक्रारदार दारात येऊन टोपी काढून डोकं पुसू लागला, तो इशारा. बाहेर थांबलेलं पथक आत घुसलं. दोन भांड्यांत सोड्याचं पाणी. उजव्या हाताची बोटं बुडवली, पाणी गुलाबी. डाव्या हाताचं तसंच पांढरं. खिशाचं अस्तर उलटं करून धुतलं, तेही गुलाबी. पँट जप्त. घरून दुसरी येईपर्यंत तो माणूस टॉवेल गुंडाळून खुर्चीत बसून होता, आणि मला, खरं सांगतो, त्याच्याकडं बघवेना.

बाटल्या सील झाल्या, रासायनिक तपासणीला गेल्या. अहवाल आला : फिनॉल्फ्थलीन आढळले. पण हा अहवाल सांगतो फक्त इतकंच, की बोटांना नोटा लागल्या होत्या. पाणी गुलाबी झालं म्हणून नियत कळत नाही.

विभागाच्या कागदांत आरोपीला 'आलोसे' म्हणतात, आरोपी लोकसेवक याचं लघुरूप. तर आलोसेंचा बचाव साधारण चार-पाच साच्यांतला असतो. एक, हातउसने दिले होते, ते परत केले. दोन, मी नको म्हणत होतो, यानंच खिशात कोंबले. तीन, टेबलावर ठेवून गेला, मी हात लावला तो परत देण्यासाठी. चार, जुना राग आहे, याचं अतिक्रमण मी काढलं होतं. आणि पाच, ही सरकारी रक्कम होती : घरपट्टी, शेतसारा, मोजणीची फी. आमच्या तलाठ्यानं हाच पाचवा घेतला. शेतसाऱ्याची थकबाकी मागितली होती म्हणे. आता 'आणलंय का' हे शेतसाऱ्यालाही लागू पडतं की नाही? पडतं. म्हणून वकील त्या दोन शब्दांना धरून बसले होते.

आरोपीला आपला बचाव फिर्यादी पक्षासारखा शंकेपलीकडं सिद्ध करावा लागत नाही. तो पटण्याजोगा वाटला तरी पुरतं. आपल्याकडं लोकांना हे रुचत नाही. मलाही आधी रुचत नव्हतं. पण उद्या आपल्याच टेबलावर कोणी डूख धरून नोटा ठेवून गेला तर, असा विचार एकदा करून बघावा.

याच कायद्यात उलट दिशेचंही एक कलम आहे, २० वं. लोकसेवकानं रक्कम स्वीकारली हे सिद्ध झालं, तर ती लाच म्हणूनच घेतली असं न्यायालयानं गृहीत धरायचं. तसं नव्हतं हे दाखवायची जबाबदारी मग आरोपीवर. ऐकायला फार कडक वाटतं. मेख अशी की हे गृहीतक पहिल्या पायरीवर लागू होत नाही. आधी मूळ गोष्टी पुराव्यानं उभ्या करा, मग गृहीतकाचा आधार घ्या. भिंत बांधल्याशिवाय वर पत्रा टाकता येत नाही, तसं.

आता सगळ्यात अवघड प्रसंग. तक्रारदारच फितूर झाला तर? गावात राहायचं असतं, त्याच कार्यालयात पुढं फेरफार असतात, मध्यस्थ येतात, खटला वर्षानुवर्षं रेंगाळतो. साक्षीला उभा राहून म्हणतो, "मला काही आठवत नाही, साहेबांनी काही मागितलं नव्हतं." किंवा तोवर तो वारलेला असतो. मागणी ऐकणारा मुख्य माणूसच गेला, मग मागणी सिद्ध कशानं करायची?

यावर सर्वोच्च न्यायालयाच्याच निकालांत ओढाताण दिसत होती. २००१ चा नरसिंग राव यांचा खटला दूध शीतकरण केंद्राच्या व्यवस्थापकाचा. दूध वाहतुकीची बिलं काढायला पाचशे रुपये घेतल्याचा आरोप. तक्रारदार आणि त्याच्यासोबतचा साक्षीदार दोघेही फिरले. बचाव, पैसे खिशात कोंबले. न्यायालयानं तो मानला नाही. पावडर लावलेल्या नोटा खिशात होत्या, त्यावरून त्या त्यानं स्वीकारल्या असा निष्कर्ष काढता येतो, म्हणून शिक्षा कायम राहिली. उलट २०१४ मधल्या बी. जयराज यांच्या खटल्यात, रेशन दुकानदाराकडून अडीचशे रुपये घेतल्याचा आरोप होता, दुकानदार फिरला आणि आरोपी सुटला. २०१५ मध्ये टायपिंग संस्थेच्या मान्यतेच्या प्रकरणात तक्रारदार साक्षीआधीच वारला होता, तिथंही सुटका.

मग प्रश्न पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाकडं गेला. नीरज दत्ता विरुद्ध दिल्ली सरकार, निकाल १५ डिसेंबर २०२२. मूळ प्रकरण दिल्लीतलं, विजेचं मीटर बसवून देण्यासाठी पैसे मागितल्याचं. घटनापीठ म्हणालं : मागणी आणि स्वीकार सिद्ध व्हायलाच हवेत, त्यात सूट नाही. पण ते फक्त तक्रारदाराच्याच तोंडून सिद्ध व्हावेत असं नाही. तो मेला, फिरला किंवा साक्षीला येऊच शकला नाही, तरी दुसऱ्या साक्षीदारावरून, कागदांवरून, परिस्थितीजन्य पुराव्यावरून न्यायालय मागणी झाली असं अनुमान काढू शकतं. आणि एक बारीक गोष्ट, देणाऱ्यानं न मागता स्वतःहून पैसे पुढं केले आणि अधिकाऱ्यानं ते लाच म्हणून घेतले, तर तोही गुन्हाच. मात्र तिथं देणाऱ्याचा प्रस्ताव सिद्ध करावा लागतो.

पेपरांनी मथळे दिले, भ्रष्ट अधिकाऱ्यांना चाप. पण तीनच महिन्यांनी, मार्च २०२३ मध्ये, त्याच नीरज दत्ता प्रकरणाचा पुरावा तपासायला दोन न्यायमूर्तींपुढं खटला आला आणि आरोपीची निर्दोष मुक्तता झाली. तक्रारदार हयात नव्हता. पंचाच्या साक्षीत पैसे मागितल्याचं होतं, पण ते लाच म्हणून मागितले हे त्यातून दिसत नव्हतं. नुसती पैशाची मागणी नव्हे, लाचेची मागणी दिसली पाहिजे, असं न्यायालयानं म्हटलं. तो निकाल वाचताना मला पिंजऱ्यातला घाम परत आठवला. 'काय आणलंय का, ते बोलला का तो?'

म्हणून पडताळणीचं रेकॉर्डिंग. पण तेही नुसतं वाजवून चालत नाही. इलेक्ट्रॉनिक पुराव्याला ठरावीक प्रमाणपत्र जोडावं लागतं : कुठल्या उपकरणावर झालं, प्रत कशी काढली, कोणी काढली. पूर्वी पुरावा कायद्याच्या ६५-ब कलमाखाली, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या ६३ व्या कलमाखाली. मूळ उपकरणच न्यायालयात हजर केलं तर गोष्ट वेगळी, एरवी प्रमाणपत्र हवंच, हे २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ज्या खटल्यात ठामपणे सांगितलं तो आपल्या जालन्याच्या निवडणुकीचा होता, खोतकर विरुद्ध गोरंट्याल. शिवाय आवाज आरोपीचाच आहे हे दाखवायला त्याचा नमुना घेऊन प्रयोगशाळेत जुळवावा लागतो. आरोपी नमुना देत नसेल तर दंडाधिकारी तसा आदेश देऊ शकतात, हे २०१९ पासून स्पष्ट आहे. आमच्या रेकॉर्डिंगमध्ये अर्धा वेळ पंख्याची घरघर आणि बाहेरच्या एसटीचा हॉर्न होता. पण मधेच एक वाक्य लख्ख आलं होतं : "पाच सांगितलं होतं, तुज्यासाठी तीन. वारसाची नोंद धरायची तर तेवढं बघ."

काम, रक्कम आणि मागणी, तिन्ही एका वाक्यात. 'आणलंय का' ला तेव्हा कुठं अर्थ आला. आणि त्या शेतकऱ्याचा वर्षाचा शेतसारा शंभर रुपयांच्या आतला होता, त्याची थकबाकी तीन हजार कशी, आणि पावतीपुस्तक टेबलावर का नव्हतं, याला बचाव पक्षाकडं उत्तर नव्हतं.

आणखी एक दगड वाटेत असतो, मंजुरीचा. कलम १९ प्रमाणे नोकरीतल्या लोकसेवकावर खटला भरायला त्याला नोकरीवरून काढण्याचा अधिकार असलेल्या अधिकाऱ्याची मंजुरी लागते. अधिकारी चुकीचा असला किंवा कागद न वाचता छापील मसुद्यावर सही केली, तर आयता मुद्दा मिळतो. अशी मंजुरीच बेकायदा ठरली तर अख्खा खटला पाण्यात जाऊ शकतो. मात्र २०१५ च्या नंजप्पा खटल्यानुसार ती खरी निर्दोष मुक्तता नसते, योग्य मंजुरी घेऊन पुन्हा खटला भरता येतो. दहा वर्षांनी पुन्हा कोण भरणार, हा भाग निराळा. २०१८ च्या दुरुस्तीनं मंजुरीला तीन महिने आणि गरज पडल्यास आणखी एक महिना अशी मुदत घातली. खटला दोन वर्षांत संपवण्याचा प्रयत्न करावा, असंही त्यात आहे. प्रयत्न.

मधला माणूस असला तर गुंता वाढतो. बऱ्याच ठिकाणी भाऊसाहेबांच्या शेजारी एक 'झिरो' बसलेला असतो, ना पगार ना नेमणूक, पण दप्तर त्याच्याच ताब्यात. पैसे तो घेतो. गुलाबी हात त्याचे. मग साहेबांनीच त्याच्याकडं द्यायला सांगितलं होतं, हा दुवा जोडावा लागतो. नाहीतर झिरो अडकतो आणि खुर्ची सुटते.

ज्यांना तक्रार करायची आहे ते दोन गोष्टी हमखास विचारतात. मी पैसे दिले म्हणजे मीही गुन्हेगार का? २०१८ पासून लाच देणं हाही थेट गुन्हा आहे. पण भाग पाडलं म्हणून दिली आणि सात दिवसांत पोलिसांना किंवा तपास यंत्रणेला कळवलं, तर नाही. आणि आधी विभागाला सांगून सापळ्यासाठी दिली तर मुळीच नाही. दुसरं, निर्दोष सुटला म्हणजे नोकरीवरही निर्धास्त का? तसं नाही. विभागीय चौकशीत पुराव्याचा काटा हलका असतो, तिथं संशयापलीकडं सिद्ध करावं लागत नाही. अटकेनंतर अठ्ठेचाळीस तासांहून जास्त कोठडी झाली की तो निलंबित मानला जातो, ते वेगळंच.

आमच्या तक्रारदाराला त्याच्या बायकोनं साक्षीच्या आदल्या दिवशी विचारलं होतं, "आता कशाला? नोंद तर झाली." हे त्यानंच मला न्यायालयाच्या आवारात, वडापाव खाताना सांगितलं. तरी तो आला, आणि फिरला नाही. त्याच्या जागी मी असतो तर काय केलं असतं, सांगता येत नाही.

विशेष न्यायाधीशांनी शिक्षा दिली. निकालात माझ्या साक्षीला एकच परिच्छेद आहे, आणि त्यातही 'साक्षीदाराला नेमके शब्द आठवत नसले तरी' अशी सुरुवात. आरोपीनं अपील केलं, जामीन मिळाला. ते अपील इतकी वर्षं मुंबईला होतं. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं, सातारा आणि सांगली त्याच्याच हद्दीत आले. परवा तो शेतकरी पोवई नाक्यावर भेटला. म्हणाला, "आता तारीख लागली तर जवळच पडंल की. तुमाला परत बोलवत्यात का?" अपिलात साक्षीदाराला सहसा बोलवत नाहीत, कागदांवरच चालतं, असं सांगितलं. तो जरा हिरमुसला. त्याला बोलायचं होतं अजून.